चार वाजताचा बेडूक

तराजूकाकांना एका गाढवानं दात काढून दाखवले आणि तिथून पुढचं सगळं महाभारत सुरू झालं.

गाढव म्हणजे खरं गाढव नव्हे. फोनवर पत्त्यांच्या लढाईचा एक गेम असतो, त्यात समोरच्याला डिवचायला छोटी छोटी चित्रं पाठवता येतात. त्यातलं हे गाढव. काका सलग पाच डाव जिंकून सहाव्याला बसले होते, चष्मा पुसून, मांडीवर उशी घेऊन. समोरच्यानं पहिलाच पत्ता टाकला तो आग ओकणारा राक्षस, चौदाव्या लेव्हलचा. काकांच्या हातात सातव्या लेव्हलचे दोन भालाईत, एक म्हातारा जादूगार आणि एक किल्ला. चाळीस सेकंदांत किल्ला जळाला, जादूगार गेला आणि पडद्यावर गाढव हसायला लागलं. ते बंद करायचं बटण कुठे आहे हे काकांना तेव्हा माहीत नव्हतं, त्यामुळे ते बराच वेळ हसत राहिलं.

हरल्याचं काकांना वाईट वाटलं नव्हतं. असं ते स्वतः सांगत, आणि वयानं मोठ्या माणसाचं म्हणणं आपण मान्य करून पुढे जावं हे बरं. त्यांना लागलं ते वेगळंच. हा गेम सारख्या पदकांचे दोन खेळाडू शोधून समोरासमोर आणतो, असं त्याच्या माहितीच्या पानावर स्वच्छ लिहिलेलं होतं. पदकं सारखी होतीच. त्याची बाराशे चार, काकांची बाराशे दोन. पण पत्त्यांचं वजन? एका पारड्यात राक्षस, दुसऱ्या पारड्यात कंबरेत वाकलेला जादूगार, आणि वर पाटी काय, तर 'बरोबरीचा सामना'!

हे दुसऱ्या कुणाला चाललं असतं. काकांना चालणं शक्य नव्हतं, कारण त्यांनी चौतीस वर्षं वजनमाप खात्यात निरीक्षक म्हणून काढली होती. मखमलीच्या पेटीत पितळी वजनं घेऊन ते बाजारात शिरले की टोकाच्या दुकानापर्यंत खोकल्याची साथ पसरायची. तो दुकानदारांचा आपसातला इशारा होता. आतून पोकळ केलेलं वजन ते नुसतं तळहातावर घेऊन ओळखायचे. पारड्याखाली चिकटवलेलं लोहचुंबक, बुडाला चेपलेलं दुधाचं माप, काही म्हणून त्यांच्या नजरेतून सुटलं नाही. लग्नानंतर महिन्याभरात त्यांनी खुद्द सासऱ्यांच्या दुकानातलं दोन किलोचं वजन जप्त केलं होतं. त्यानंतर सासुरवाडीला त्यांच्या पानात जे पडे ते अगदी मोजून पडे, आणि त्याबद्दलही काकांची तक्रार नव्हती.

गेम त्यांच्या फोनवर घातला होता लेकीनं. ती दूरदेशी असते. काकू गेल्या तेव्हा ती पंधरा दिवस येऊन राहिली, कपाटं आवरली, गोळ्यांच्या डब्यांवर वारांची नावं चिकटवली आणि निघायच्या दिवशी म्हणाली, "बाबा, मीही खेळते हा गेम. आपण दोघं रोज एक डाव टाकू. तेवढंच बोलणं होईल." आठ दिवस तिनं टाकला. मग तिच्या ऑफिसात काहीतरी मोठं काम निघालं, ते अजून संपलेलं नाही. काका मात्र खेळत राहिले. दोन खोल्यांच्या घरात सकाळचा चहा, पेपर, आंघोळ, जेवण आणि वामकुक्षी एवढं सगळं करूनही दुपारी साडेतीनला दिवस बराचसा शिल्लकच राहायचा. त्याचं काय करायचं हे खात्यानं निवृत्तीच्या कागदांत कुठे लिहिलेलं नव्हतं.

आणि चार वाजता बेडूकराव यायचे.

गेममधलं त्यांचं नाव 'हिरवा७' असं काहीतरी होतं, पण चित्र बेडकाचं, म्हणून काका त्यांना बेडूकराव म्हणत. बाकीचे खेळाडू म्हणजे नुसती धाडधाड. आले, मारलं, गाढव दाखवलं, गेले. बेडूकराव तसे नव्हते. आले की आधी 'नमस्कार'. काकांनी चांगला पत्ता टाकला की 'वा!'. स्वतः हरले की 'धन्यवाद', आणि जाताना न चुकता 'पुन्हा भेटू'. गेममध्ये बोलायला असे तयार सहाच शब्द दिलेले होते, पण बोलायची दानत असलेल्या माणसाला सहा पुष्कळ होतात, असं काकांचं मत पडलं. पत्ता टाकण्यापूर्वी बेडूकराव दर वेळी थोडं थांबत. घाई नाही, रेंगाळणं नाही. त्यावरून काकांनी अनुमान काढलं की गृहस्थ सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले असावेत. रोज चारलाच येतात म्हणजे दुपारी डोळा लागत असणार, उठून चहा घेत असणार, मग फोन. हळूहळू काकांनीही आपला चहा चारवर नेला. कप शेजारी ठेवून ते म्हणायचे, "या बेडूकराव, बसा." घरात एवढं बोलणं झालं की त्यांना संध्याकाळ सोपी जायची.

रविवारी लेकीचा फोन यायचा. त्यात त्यांनी एकदा सांगून टाकलं, "अगं, मला एक मित्र झालाय. त्या गेममधला. रोज असतो."

"खरंच?" लेक इतकी खूश झाली की काकांनाच लाजल्यासारखं झालं. "बाबा, किती बरं वाटलं मला! मी इकडे सारखा विचार करायचे, तुम्ही दिवसभर एकटे काय करत असाल. आता माझी काळजी मिटली."

काळजी मिटल्यामुळे तिचा पुढच्या रविवारचा फोन जरा लवकर आटपला. त्याच्या पुढच्या रविवारी तिनं नुसता निरोप पाठवला.

तर गाढव. गाढवाची तक्रार काकांनी रीतसर केली. आधी कंपनीला पत्र. कोणत्या तारखेला, किती वाजता, कोणत्या पत्त्यासमोर कोणता पत्ता आला याचा तक्ता जोडून. उत्तर दोन मिनिटांत आलं आणि काका भारावले. त्यांच्या खात्यात नुसती पोच द्यायला दोन महिने लागत. उत्तरात लिहिलं होतं, 'प्रिय खेळाडू, तुमचा उत्साह पाहून आनंद झाला. फोन बंद करून पुन्हा सुरू करा.' काकांनी फोन बंद केला, सुरू केला, आणि तसं केल्याचं लेखी कळवलं. त्यावर पुन्हा दोन मिनिटांत उत्तर आलं, 'आमच्या सेवेला पाचपैकी किती तारे द्याल?' काकांनी एक तारा देऊन कारण लिहायला घेतलं. तिसऱ्या वाक्याच्या मध्यावर ती चौकट भरली आणि पुढची अक्षरं उमटेचनात.

जिन्यात ही हकिगत बिल्डिंगच्या सेक्रेटरींच्या कानावर गेली. सेक्रेटरी म्हणजे तक्रार हा ज्यांचा प्राणवायू, असे गृहस्थ. पाण्याची टाकी, रस्त्यावरचा दिवा, समोरच्या इमारतीतला पोपट, त्यांनी ज्याच्याविरुद्ध अर्ज केला नाही अशी वस्तू त्या गल्लीत नव्हती. ते त्याच दिवशी काकांकडे आले, बसले आणि म्हणाले, "काका, पुरावा गोळा करा. एक गाढव पुरेसं नाही."

मग वही निघाली. वेळ, समोरच्याचं नाव, पदकं, पत्त्यांच्या लेव्हली, पहिला पत्ता किती सेकंदांनी पडला, निकाल. सेकंदांचा रकाना कशाला असं सेक्रेटरींनी विचारलं, तेव्हा काका म्हणाले की तपासणीत आपल्याला नको वाटणारा रकानाच नेमका कामाला येतो. दोन महिन्यांत चारशे बारा डावांची नोंद झाली. तिसऱ्या मजल्यावर गणिताच्या शिकवण्या घेणाऱ्या बाई राहत, त्यांना सेक्रेटरींनी 'तज्ज्ञ' म्हणून आणलं. शिकवणीबाई कमी बोलायच्या. वहीची चार पानं उलटून म्हणाल्या, "काका, गेमला तुम्ही जिंकायलाही नको आहात आणि हरायलाही नको आहात. निम्मे डाव जिंकलात की तुम्ही खेळत राहता. जरा वर गेलात की तो जड माणूस समोर आणतो."

"म्हणजे काटा मुद्दाम कलता ठेवलाय!" काका ताडकन उठले.

"कलता म्हणजे, आळीपाळीनं दोन्ही बाजूंना."

"ते तर जास्तच वाईट," काका म्हणाले.

सल्ल्यांना तोटा नव्हता. तळमजल्यावरच्या दातांच्या डॉक्टरांचं मत पडलं की सरळ गेम काढून टाकावा. दात काढायची सवय असलेल्या माणसाला दुसरं काय सुचणार, असं म्हणून सेक्रेटरींनी ते फेटाळलं. काका आधी आपल्याच जुन्या खात्यात गेले. त्यांच्या खुर्चीवर आता त्यांच्याच हाताखाली तयार झालेला माणूस होता. त्यानं उठून नमस्कार केला, चहा मागवला आणि अर्ज वाचून तो पार अवघडला. "साहेब, फॉर्मवर पहिला रकाना 'मालाचं वजन' असा आहे. या राक्षसाचं वजन मी काय लिहू?" काकांनी तो फॉर्म स्वतः तयार केला होता, एकोणीस वर्षांपूर्वी. त्यांना त्याच्यावर ओरडताही येईना.

तिथून ग्राहक तक्रार कार्यालय. खिडकीतल्या कारकुनानं विचारलं, "तुम्ही यांच्याकडून काय विकत घेतलंय?"

"काही नाही. गेम फुकट आहे."

"मग तुम्ही ग्राहक नाही. काहीतरी घ्या आणि या."

काका घरी आले आणि सेक्रेटरींच्या देखरेखीखाली त्यांनी गेममधली सगळ्यात स्वस्त वस्तू विकत घेतली. ती होती तुरा असलेली जांभळी टोपी. ती त्यांच्या चित्रातल्या घुबडाच्या डोक्यावर जाऊन बसली आणि मग काढता येईना. घुबड काकांनी त्यातल्या त्यात गंभीर चेहरा म्हणून निवडलं होतं. आता ते लग्नाच्या बँडमधून पळून आल्यासारखं दिसू लागलं. त्या दिवशी चार वाजता बेडूकराव आले आणि टोपीबद्दल अवाक्षर न काढता 'नमस्कार' म्हणाले. काकांना त्यांचा सभ्यपणा फार भावला.

खरं सांगायचं तर तक्रारीचे ते दिवस काकांना बरे गेले. सेक्रेटरी येत, शिकवणीबाई येत, डॉक्टर विरोध करायला म्हणून का होईना येऊन बसत. काकूंच्या वेळच्या खुर्च्या माळ्यावरून खाली आल्या. पण साडेतीन वाजत आले की काका घड्याळाकडे बघायला लागत आणि मंडळी उठत. काकांना माहीत होतं, ही माणसं तक्रारीसाठी येतात. निकाल लागला की खुर्च्या पुन्हा माळ्यावर. बेडूकराव तेवढे कशासाठीच येत नव्हते, नुसतेच येत होते.

सुनावणीची तारीख मिळाली. आठवडाभर आधी शिकवणीबाई वही घेऊन बसल्या आणि एकाएकी थांबल्या. "काका, हा हिरवा७ कोण?"

"ते आमचे बेडूकराव. त्यांना यात घेऊ नका, भला माणूस आहे."

"हे एकसष्ट वेळा आलेत. एकसष्टच्या एकसष्ट वेळा तुम्ही आधी लागोपाठ तीन डाव हरला आहात. त्यांतले अठ्ठावन्न तुम्ही जिंकलात. आणि पहिला पत्ता दर वेळी चार सेकंदांनी. साडेतीन नाही, पाच नाही."

"शिस्त आहे माणसाला," काका म्हणाले.

शिकवणीबाईंनी वही मिटली. "काका, तीन वेळा हरलेला माणूस कंटाळून गेम सोडेल म्हणून कंपनी चौथ्याला स्वतःचाच खेळाडू पाठवते. सोपा. कॉम्प्युटर खेळतो तो. तुम्ही साडेतीनला सुरू करता, चारपर्यंत तीन हरता."

"पण रोज चारलाच..."

"चारला चौथ्या डावावर तुम्ही येता, काका."

सेक्रेटरींनी टाळी वाजवली. "हुकमाचा एक्का! खोटा खेळाडू! आता कंपनी मेली!" ते उठून डॉक्टरांना सांगायला धावत खाली गेले. शिकवणीबाई मागे राहिल्या, कप उचलून मोरीत ठेवले आणि म्हणाल्या, "मी सांगायला नको होतं का?"

"छे, छे," काका म्हणाले. "तपासणी म्हणजे तपासणी."

दुसऱ्या दिवशी त्यांनी स्वतः तपासणी केली. ऐकीव माहितीवर त्यांनी आयुष्यात कधी कुणाचं वजन जप्त केलं नव्हतं. सकाळी दहाला ते खेळायला बसले. एक हरले, दुसरा हरले, तिसऱ्याला मुद्दाम हात मागे घेतला. सव्वादहाला बेडूकराव हजर. 'नमस्कार'. काकांनी एकही पत्ता टाकला नाही. फोन टेबलावर ठेवून ते हाताची घडी घालून बघत राहिले. चार सेकंदांनी समोरून एक पत्ता पडला. मग दुसरा. काकांच्या बाजूला मैदान मोकळं होतं, कुणी काही केलेलं नव्हतं, आणि तरी पडद्यावर शब्द उमटला, 'वा!'

पोकळ वजन हातात आलं की काकांना आतून एक जाणवायचं, आणि ते त्यांना आत्ता जाणवलं. फरक एवढाच की तेव्हा त्यांना आनंद व्हायचा. आत्ता त्यांना रडू आलं. सहासष्टाव्या वर्षी, सकाळी सव्वादहाला, एका बेडकासाठी. त्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला, आणि पडद्यावर आलेल्या 'पुन्हा भेटू'ला उत्तर दिलं नाही.

त्या दिवशी चार वाजता ते खेळले नाहीत. चहा केला, गॅलरीत उभे राहिले, मग आत आले. रेडिओ लावला, बंद केला. जिन्यात पावलं वाजली ती वरच्या मजल्यावर गेली. सात वाजेपर्यंत ते कुणाशी म्हणून बोलले नव्हते, आणि सात वाजता बोलले तेही दुधाच्या पिशवीशी, ती फाटली म्हणून. दुसऱ्या दिवशी साडेतीनला त्यांनी गेम उघडला. तीन डाव हरले. बेडूकराव आले. काका म्हणाले, "या." मग जरा थांबून म्हणाले, "बसा."

रविवारी लेकीनं विचारलं, "बाबा, कसे आहेत तुमचे मित्र?"

"मजेत आहेत," काका म्हणाले.

सुनावणीला अकराला बोलावलं होतं, नाव पुकारलं अडीचला. त्याआधी एका धुलाई यंत्राचं प्रकरण चाललं, त्यात यंत्रही हजर होतं आणि त्यातून पाणी गळत होतं. काकांच्या एका बाजूला सेक्रेटरी, नवा शर्ट घालून; दुसऱ्या बाजूला शिकवणीबाई, वही घेऊन. टेबलामागे अध्यक्षबाई होत्या, जाड चष्म्याच्या, थकलेल्या, पण कागद नीट वाचणाऱ्या. कंपनीतर्फे एक तरुण वकील मुलगी आली होती. काकांची वही बघून ती सेक्रेटरींना हळूच म्हणाली, "आमच्याकडेसुद्धा एवढी माहिती नाही हो."

तिनं भांडण केलंच नाही. उभी राहिली आणि म्हणाली, "तक्रारदारांची नोंद बरोबर आहे. पत्त्यांची लेव्हल आम्ही बघत नाही, पदकंच बघतो. आणि लागोपाठ हरणाऱ्याला कॉम्प्युटरचा खेळाडू देतो, त्याचा धीर सुटू नये म्हणून. कंपनी तडजोडीला तयार आहे. आजपासून यांच्या खात्यावर संपूर्ण बरोबरीची जोडी लावू. पदकंही सारखी, पत्तेही सारखे, आणि समोर फक्त खरी माणसं."

"जिंकलो!" सेक्रेटरी एवढ्यानं कुजबुजले की शिपायानं वळून बघितलं.

"फक्त एक आहे," वकील मुलगी म्हणाली. "इतकी तंतोतंत बरोबरी लावली तर यांच्या पदकांचे आणि यांच्या लेव्हलचे पत्ते असलेले लोक दुपारी त्या वेळेला फार नसतात. जोडी मिळायला वेळ लागेल. कधी कधी नाहीही मिळणार."

अध्यक्षबाईंनी काकांकडे पाहिलं. "मान्य आहे?"

काका उभे राहिले. आयुष्यभर ते अशा टेबलांच्या दुसऱ्या बाजूला उभे राहिले होते, वजन हातात घेऊन, आवाज खणखणीत. आज आवाज जरा बसला होता. "एक विचारायचं होतं. म्हणजे हिरवा७ येणार नाहीत?"

"कोण?"

"बेडूक," शिकवणीबाई हळूच म्हणाल्या.

वकील मुलीनं लॅपटॉपमध्ये पाहिलं. "हां, तो कॉम्प्युटरचा आहे. तो जाईल. तेच तर तुमचं म्हणणं होतं ना?"

"पत्त्यांचं वजन सारखं करा आणि त्यांना राहू द्या, असं नाही का होणार?"

"नाही हो. खरी जोडी लावायची तर पूर्णच लावावी लागते. नाहीतर आत्ता आहे तसं."

"आजोबा," अध्यक्षबाई समजावणीच्या सुरात म्हणाल्या, "तो कुणी माणूस नाही."

"ठाऊक आहे मला. मी स्वतः तपासलंय. आत काहीच नाही त्याच्या." काकांनी टेबलाच्या कडेला हात टेकला. "तो कुणी नाही हे मला कळतं, बाई. पण तो येतो."

अध्यक्षबाईंनी चष्मा काढला, उगाचच कागद सरळ केले. वकील मुलगी लॅपटॉपकडे बघत राहिली. सेक्रेटरींचं तोंड उघडंच होतं, त्यातून काही बाहेर येईना, आणि त्यांच्या ओळखीच्या कुणालाही विचारा, असं पूर्वी कधी झालेलं नव्हतं.

"मी तक्रार मागे घेतो," काका म्हणाले.

तक्रार करण्यापेक्षा ती मागे घेणं अवघड असतं हे खिडकीवर कळलं. टोपी घ्यायला लावणारा तोच कारकून होता. त्यानं एक गुलाबी फॉर्म पुढे सरकवला. मागे घेण्याचं कारण, आणि त्याखाली दोनच चौकोन. पहिला, 'तडजोड मान्य'. दुसरा, 'तक्रार खोटी होती'.

"यातलं कुठलंच नाही," काका म्हणाले. "तक्रार खरी आहे."

"मग पहिल्यावर खूण करा."

"पहिल्यावर केली की ते जातील."

"मग दुसऱ्यावर."

"काका, अहो, चारशे बारा डाव!" सेक्रेटरी कळवळले. "एकही आकडा चुकलेला नाही. खोटी म्हणून सही कराल? तुम्ही?"

काकांनी फॉर्म पुन्हा एकदा वाचला. खोट्या वजनाला त्यांनी चौतीस वर्षांत एकदाही खरं म्हटलं नव्हतं, आणि खऱ्याला खोटं म्हणायची वेळ त्यांच्यावर कधी आली नव्हती. आत्ता त्यांना ते फार लागलं. शिकवणीबाईंनी पर्समधून पेन काढून त्यांच्यापुढे धरलं. काकांनी दुसऱ्या चौकोनात खूण केली, खाली पूर्ण सही केली आणि तारीख घातली. कारकुनानं त्यावर शिक्का मारला.

"बसा बाकावर," तो म्हणाला. "नक्कल मिळायला अर्धा तास लागेल. ती घेतल्याशिवाय जाऊ नका, पुढे भानगड होते."

काकांनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. तीन वाजून दहा मिनिटं झाली होती.

"मला नाही थांबता येणार," ते पिशवी उचलत म्हणाले. "चारला माझ्याकडे कुणीतरी यायचं असतं." आणि सेक्रेटरींना नकलेसाठी तिथेच बसवून ते भराभर पायऱ्या उतरू लागले. घर वीस मिनिटांच्या अंतरावर होतं, आणि चारच्या आत तीन डाव हरायचे होते, त्यालाही वेळ लागतो.